सॅली फील्ड आणि टीव्हीचा बट्टा : एका प्रतिक्रियेला उत्तर

सविस्तर प्रतिक्रियेबद्दल आभार. उत्तर लांबत गेलं, म्हणून इथे वेगळं टाकते आहे. ज्यांनी ती प्रतिक्रिया वाचली नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. सॅली फील्ड ही अमेरिकन अभिनेत्री मुळात टीव्हीवरची गोडगोड पोरगी, दोन ऑस्कर नशिबाने पदरात पडली, दुसरं घेताना 'मी तुम्हाला आवडते' असं म्हणून तिने स्वतःचं हसं करून घेतलं, मग आईच्या भूमिका करत करत पुन्हा टीव्हीच्या वळचणीला गेली. आणि अशा कारकिर्दीला मोठी म्हणणारी मी भाबडी. असं तुमचं म्हणणं.

भाबडी असेन. पण टीव्ही म्हणजे वळचण, हे मला मुळातच मान्य नाही, आणि सॅली फील्डच्या बाबतीत तर अजिबातच नाही.

तुम्ही 'द फ्लाइंग नन'ची टर उडवलीत. उडवावी अशीच ती मालिका आहे. पोर्टो रिकोतल्या मठातली एक किडकिडीत नन, डोक्यावर कडक इस्तरीची पंखासारखी टोपी, वारा सुटला की बाई हवेत. १९६७ ते १९७० अशी तीन वर्षं हे चाललं. फील्डला ते करायचंच नव्हतं. आधी नकार दिला, मग सावत्र वडिलांनी 'पुन्हा काम मिळायचं नाही' अशी भीती घातली आणि ती तयार झाली. तारांना लटकून काम करताना आपण कोण होऊन बसलोय याची तिला लाज वाटायची. पण त्याच मालिकेत मठाच्या प्रमुखाची भूमिका करणाऱ्या मॅडलिन शेरवूड या रंगभूमीवर मुरलेल्या अभिनेत्री होत्या. या मुलीत काय आहे ते त्यांनी ओळखलं आणि तिला न्यूयॉर्कच्या अ‍ॅक्टर्स स्टुडिओ या अभिनयाच्या कार्यशाळेत नेलं. तिथे शिकवायला ली स्ट्रासबर्गसारखे नामांकित गुरू. म्हणजे ज्या मालिकेला तुम्ही तिच्या नावावरचा डाग म्हणता, तिच्याच सेटवरून ती अभिनयाच्या शाळेत पोचली. नन नसती तर पुढचं काही झालं असतं का, कोण जाणे. मला तरी शंका आहे.

आणि पुढचं काय, तर 'सिबिल'. १९७६, एनबीसी वाहिनी, पुन्हा टीव्हीच! एकाच देहात अनेक व्यक्तिमत्त्वं वागवणारी तरुणी, आणि समोर डॉक्टर म्हणून जोअ‍ॅन वुडवर्ड. वुडवर्डबाईंनी स्वतः जवळजवळ अशाच भूमिकेसाठी पूर्वी ऑस्कर घेतलेलं. अशा बाईसमोर उडणाऱ्या ननने उभं राहायचं, आणि ती राहिली. एमी, म्हणजे टीव्हीचं ऑस्कर, मिळालं. लोकांनी तिच्याकडे नव्याने बघायला सुरुवात केली ती इथून, सिनेमातून नव्हे.

आता 'नशिबाने' मिळालेलं पहिलं ऑस्कर. 'नॉर्मा रे', १९७९, दिग्दर्शक मार्टिन रिट. गोष्ट बेतलेली क्रिस्टल ली सटन या नॉर्थ कॅरोलायनातल्या गिरणी कामगार बाईवर, आणि चित्रीकरण अलाबामातल्या ओपेलायका इथल्या खऱ्या गिरणीत. तो टेबलावरचा प्रसंग पुन्हा एकदा बघा, आणि या वेळी फलकाकडे न बघता तिच्या चेहऱ्याकडे बघा. कामावरून काढलेली नॉर्मा पुठ्ठ्यावर 'युनियन' एवढाच शब्द खरडते, टेबलावर चढते आणि पुठ्ठा वर धरून हळूहळू गोल फिरते. तोंडातून अक्षर नाही. यंत्रांचा कान किटवणारा खडखडाट चालू. मग एक यंत्र थांबतं. दुसरं. तिसरं. ती जिंकल्यासारखी हसत नाही. घाबरलेली आहे, ओठ थरथरतायत, आणि हात मात्र खाली येत नाहीत. आवाज पूर्ण बंद होईपर्यंत तिने फक्त उभं राहायचंय. गिरणगावातल्या घरात वाढलेल्यांना माग एकेक करून थांबणं म्हणजे काय, ते वेगळं सांगायला नको. फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवाचं पारितोषिकही तिला याच भूमिकेसाठी मिळालं. तिथल्या परीक्षकांचंही नशीबच म्हणायचं का?

भाषणाबद्दल. १९८५ साली 'प्लेसेस इन द हार्ट'साठी दुसरं ऑस्कर घेताना ती आधी म्हणाली की माझी कारकीर्द सरधोपट झालेली नाही, मला तुमच्याकडून आदर हवा होता, पहिल्या वेळी तो जाणवला नाही, आज जाणवतोय. या क्षणी तुम्हाला मी आवडते हे मी नाकारू शकत नाही. चाळीस वर्षं लोकांनी शेवटचं शेपूट तेवढं धरून ठेवलं. ननची टोपी घालून जिने तीन वर्षं काढली, तिने 'या क्षणी' म्हणणं मला तरी हास्यास्पद वाटत नाही.

आईच्या भूमिकांवरून तुम्ही तिलाच बोल लावलात, ते मात्र खटकलं. १९८८च्या 'पंचलाइन'मध्ये टॉम हँक्स तिच्या प्रेमात पडतो. सहा वर्षांनी 'फॉरेस्ट गम्प'मध्ये ती त्याची आई! वयातलं अंतर जेमतेम दहा वर्षांचं. हे तिने ठरवलं की धंद्याने? आणि आपण फार नाकं मुरडू नयेत. अतुल कुलकर्णींनी त्याच सिनेमाचं हिंदी रूपांतर लिहिलं, त्यात आमिरची आई झालेली मोना सिंग आमिरपेक्षा चांगली सोळा वर्षांनी लहान. पन्नाशीच्या बाईला सिनेमा जेव्हा चार मिनिटांची आई देत होता, तेव्हा टीव्हीने फील्डला 'ईआर'मध्ये मानसिक आजाराशी झगडणारी मॅगी दिली, 'ब्रदर्स अँड सिस्टर्स'मध्ये पाच वर्षं नोरा वॉकर दिली. दोन्हींना एमी. वळचण असेल तर बरीच ऐसपैस दिसते.

तुमचा एक मुद्दा मात्र रास्त आहे: तिने टाकाऊ सिनेमेही केले. 'नॉर्मा रे'च्याच वर्षी बुडत्या जहाजावरच्या 'पोसायडन' सिनेमाचा तो दुसरा भाग; त्याची बाजू घेण्याइतकं धैर्य माझ्यात नाही. २०१२ साली स्पायडरमॅनची काकू झाली, तीही मुख्यतः निर्माती मैत्रिणीखातर. पण त्याच २०१२चा 'लिंकन' बघा. लिंकनच्या बायकोची भूमिका तिची ठरलेली; लिंकन म्हणून डॅनियल डे-लुइस आल्यावर दिग्दर्शक स्पीलबर्गला वाटलं, ही त्याच्यापेक्षा दहा वर्षांनी मोठी, जोडी जमणार नाही. त्याने तसं कळवलं. दोन ऑस्करवाल्या, पासष्टीला टेकलेल्या या बाईने सांगितलं, माझी चाचणी घ्या. डे-लुइस खास त्यासाठी आयर्लंडहून आला, आणि भूमिका तिच्याकडेच राहिली. नशीब असं मागून घ्यावं लागत असेल तर गोष्ट वेगळी.

शेवटी, 'पुढचा लेख तरी खऱ्या सिनेनटीवर लिहा' या सूचनेबद्दल: पुढचा लेख 'सिबिल'वर आहे. अर्धा लिहून झालाय. तेव्हा रागावायचं थोडं शिल्लक ठेवा.