फिल्म क्लबात विद्वान दिसण्याचे सोपे उपाय

परवा एका फिल्म क्लबात 'उखो' (म्हणजे 'कान') हा चेकोस्लोव्हाकियाचा चित्रपट बघायला गेलो. दारातच रंगीत पत्रक हातात पडलं. दिग्दर्शक कारेल काखिन्या ठळक अक्षरांत, फोटोसकट. खाली कलाकार, प्रायोजक, नंतर चहा आहे हेसुद्धा. लेखक? छे! तुम्हालाही असा क्लब काढायचा असेल, तर पुढील गोष्टी ध्यानात ठेवा.

लेखकाचं नाव छापू नये. चहाला जागा उरत नाही.

संवाद चांगला असेल तर ती दिग्दर्शकाची 'दृष्टी'. कंटाळवाणा असेल तर सबटायटलवाल्याचा घोळ.

एखाद्या आगाऊ माणसाने "लिहिलंय कुणी?" असं विचारलंच, तर परवाच्या वक्त्यांसारखं मंद हसून म्हणावं, "युरोपात पटकथा वगैरे नसते हो, सेटवरच सुचत जातं." वा! म्हणजे या चित्रपटातला सरकारी मेजवानीहून परतलेला उपमंत्री, त्याची झिंगलेली बायको, गेलेली वीज, घरभर पेरलेले मायक्रोफोन, कागद जाळून संडासात सोडत काढलेली ती रात्र, हे सगळं सिगरेट ओढता ओढता सुचलं असणार! हे लिहिणारा यान प्रोखाझ्का स्वतः तिथल्या सत्ताधारी कम्युनिस्ट पक्षाच्या केंद्रीय समितीचा उमेदवार-सदस्य होता, राष्ट्राध्यक्ष नोवोत्नींच्या मर्जीतला होता, ही माणसं घाबरली की कशी बोलतात ते त्याला आतून ठाऊक होतं, असली माहिती देऊन रसिकांचा रसभंग कशाला करा? 1967च्या लेखक संमेलनानंतर त्याला त्या समितीतून हाकललं, हे तर मुळीच नको. आणि 'काखिन्याचे साठच्या दशकातले चित्रपट' म्हणून जी यादी तुम्ही घडाघडा वाचलीत, त्यातले बरेचसे याच माणसाने लिहिलेत हे कळलं, तर पंचाईतच की!

चर्चेत 'अस्तित्ववादी' हा शब्द एकदा तरी यावा.

पुरे झालं. नीट ऐका आता. चोरून ऐकणाऱ्या सरकारवर लिहिणाऱ्या त्या माणसाचंच खासगी बोलणं गुप्त पोलिसांनी टेप केलं होतं. प्राध्यापक वात्स्लाव चेर्नींबरोबरच्या गप्पा कापून-जोडून 1970 मध्ये टीव्हीवरून अख्ख्या देशाला ऐकवल्या. चित्रपटही त्याच वर्षी तयार झाला आणि बंदी येऊन डब्यात गेला. फेब्रुवारी 1971 मध्ये प्रोखाझ्का कर्करोगाने वारला. वय 42. 'उखो' लोकांसमोर आला 1990 मध्ये, कम्युनिस्ट सत्ता गेल्यावर. त्याच वर्षी फ्रान्समधल्या कान शहराच्या चित्रपट महोत्सवातही दाखवला गेला.

त्या सरकारने नाव पुसलं ते समजू शकतो, त्यांना त्याची भीती वाटत होती. तुम्हाला काय धाड भरली होती? पत्रक छापखान्यात धाडण्याआधी श्रेयनामावली बघायला दोन मिनिटं मिळाली नाहीत? आणि वर, विचारणाऱ्यालाच हसता! पुढच्या महिन्यात काखिन्याचा 1966चा तो व्हिएन्नाला निघालेल्या घोडागाडीचा चित्रपट लावताय ना? तोही प्रोखाझ्काचाच आहे. नाव छापा. जागा नसेल तर चहा काढा.