‘बोसन’च्या उच्चारावरील प्रतिक्रियेला उत्तर

महोदय,

जहाजावरील जुन्या इंग्रजी शब्दांविषयीच्या माझ्या लेखात मी डेकवरील खलाशांच्या मुकादमासाठीच्या ‘boatswain’ या शब्दाचा उच्चार ‘बोसन’ असा दिला होता. त्यावर आपण लिहिले आहे, की ‘शब्द जसा लिहिला आहे तसाच वाचावा, बोट्सवेनला बोसन म्हणणे ही निव्वळ साहेबी पोपटपंची आहे.’ देवनागरीतले उच्चार अचूक नाहीत, व्याख्या अपुऱ्या आहेत आणि असले शब्द आता कोणी वापरत नाही, अशी पुस्तीही आपण जोडली आहे. मतभेदाचे मला वावडे नाही; परंतु ‘पोपटपंची’ म्हणून हिणवण्यापूर्वी आपण एखादा इंग्रजी शब्दकोश उघडायला हवा होता.

माझी उमेदीची वर्षे मालवाहू जहाजांच्या डेकवर गेली आहेत. नांगर सोडण्याची वेळ आली, की ब्रिजवरून, म्हणजे जहाज हाकण्याच्या कक्षातून, वॉकीटॉकीवर ‘बोसन’ अशीच हाक येते आणि विंडलासच्या (नांगर ओढण्या-सोडण्याच्या यंत्राच्या) ब्रेकपाशी उभा असलेला माणूस तिलाच ओ देतो. ‘बोट्सवेन’ अशी हाक मी कोणत्याही देशाच्या खलाशाच्या तोंडून ऐकलेली नाही. कोकणातले जुने खलाशी याच माणसाला ‘सारंग’ म्हणत आले, आणि तो शब्दही मी तितक्याच आपुलकीने वापरला आहे. तेव्हा साहेबीपणाचा आरोप माझ्यावर करू नये.

लिहिल्याप्रमाणे वाचण्याचा आग्रह इंग्रजीत कसा फसतो, हे शिधासामग्री या अर्थाच्या ‘व्हिटल्स’ (victuals) या शब्दावरून दिसते. जुन्या फ्रेंचमधून तो इंग्रजीत आला तेव्हा त्यात ‘सी’ नव्हता. लॅटिन मूळ दिसावे म्हणून पुढे विद्वानांनी तो घुसडला, पण लोकांच्या जिभेने तो कधीच स्वीकारला नाही. कर्ज या अर्थाच्या ‘डेट’मधला (debt) ‘बी’ असाच आला आणि आरोप ठेवणे या अर्थाच्या ‘इनडाइट’मधला (indict) ‘सी’ही. स्पेलिंग नंतर बदलले, उच्चार आधीपासूनचा आहे. मग ‘व्हिक्चुअल्स’ म्हणणारा शुद्ध आणि ‘व्हिटल्स’ म्हणणारा पोपट, हे कोणत्या न्यायाने? आपण स्वतः ‘कर्नल’ (colonel) म्हणताना त्यातला पहिला ‘एल’ ‘र’सारखाच उच्चारत असाल, याविषयी मला शंका नाही.

देवनागरीबद्दलचा आपला मुद्दा मान्य आहे. ‘फोक्सल’च्या (forecastle, जहाजाच्या नाळेकडचा पुढचा भाग) शेवटचा निसटता स्वर आपल्या लिपीत हुबेहूब उतरत नाही, ते लेखन जवळपासचेच आहे.

कोणती व्याख्या अपुरी, हे मात्र आपण सांगितलेले नाही. होडीच्या कडेची सर्वांत वरची पट्टी म्हणजे ‘गनल’ (gunwale), आणि पूर्वी तिच्यावर तोफा टेकवत म्हणून त्यात ‘गन’ आली, एवढे मी दिले होते. सामान्य वाचकाला ते पुरेसे आहे. राहिला वापराचा प्रश्न. बोसन, फोक्सल आणि गनल हे शब्द जहाजांवर आजही रोजच्या कामात आहेत. ते आपल्या कानांवर पडले नाहीत, एवढ्यावरून ते मेले असे ठरत नाही.

लेखातले उच्चार आहेत तसेच राहतील. यापुढे हरकत घ्यायची झाल्यास शब्द, आपल्या मते योग्य असलेला उच्चार आणि त्याचा आधार, असे तिन्ही द्यावे.