पिसाचं चित्र मी का वगळलं? एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

तुम्ही इतक्या मनापासून लिहिलंत, म्हणून उत्तरही सविस्तर देतो. तुमची तक्रार अशी की, प्लेग आणि कला यांवर लिहिताना मी इटलीतल्या पिसा शहरातल्या ‘मृत्यूचा विजय’ या भित्तिचित्राचं नावही घेतलं नाही आणि सिएना शहराच्या कॅथेड्रलच्या अर्धवट राहिलेल्या विस्ताराच्या एका भिंतीवर मात्र पानभर लिहिलं.

ते चित्र मी मुद्दाम वगळलं. घोड्यांवरून निघालेली श्रीमंत मंडळी तीन उघड्या शवपेट्यांपाशी थबकतात, त्यांतला एक जण नाक दाबून धरतो. पलीकडे पांगळे-भिकारी मृत्यूला हाका मारताहेत, पण तो त्यांना सोडून बागेत रमलेल्या तरुणांकडे निघालाय. हे पाहून कुणालाही १३४८ ची प्लेगची साथ आठवेल. अभ्यासकही कित्येक वर्षं तसंच मानत होते. आता मात्र ते बुफालमाक्को या चित्रकाराचं आणि साथीच्या जवळपास दहा वर्षं आधीचं मानलं जातं. मृत्यूचं भय रंगवायला युरोपला प्लेगची वाट पाहावी लागली नव्हती. अशी चित्रं प्लेगच्या खात्यावर टाकली, की त्यानं खरोखर काय ओरबाडून नेलं ते दिसेनासं होतं.

सिएनाच्या नगरसभागृहात चांगल्या आणि वाईट राज्यकारभाराची चित्रं काढणारा आंब्रोजो लोरेन्झेत्ती घ्या. ९ जून १३४८ रोजी त्यानं मृत्युपत्र लिहिलं. तो आणि त्याचा भाऊ पिएत्रो, दोघंही त्याच साथीत गेले असं मानतात. त्याच गावच्या आन्योलो दी तुरा या बखरकारानं लिहून ठेवलंय, की पाच मुलं त्यानं स्वतःच्या हातांनी पुरली. चित्र काढणारे गेले, आणि काढून घेणारेही.

‘मग प्लेगनंतर कला थांबली का?’ हा तुमचा प्रश्न रास्त आहे. नाही थांबली. फ्लॉरेन्सला मरणाऱ्यांनी ओर्सानमिकेले या चर्चच्या धर्मसंघाला मृत्युपत्रांतून अमाप पैसा दिला. त्यातून ओर्कान्या या शिल्पकारानं मेरीच्या चित्रासाठी संगमरवरी देव्हारा घडवला, १३५९ मध्ये पुरा केला. प्लेगची खूण दाखवा म्हणालात, तर मी तो देव्हारा दाखवेन.

एका बाबतीत मात्र तुमचं म्हणणं पूर्ण मान्य. सिएनाच्या कॅथेड्रलचा १३३९ चा विस्तार केवळ साथीमुळे अडला नाही. बांधकामच कच्चं निघालं, आणि १३५७ मध्ये धोकादायक भाग उतरवायची वेळ आली. माझ्या लेखात हे यायलाच हवं होतं. आजच भर घालतो.