'आदिवासी डान्स' म्हणे!

आज भाचीच्या शाळेचं गॅदरिंग होतं. पोरींना प्लॅस्टिकच्या झिरमिळ्यांचे घागरे, गालांवर रंगाचे पट्टे आणि डिस्नीच्या 'मोआना' सिनेमातलं ते होड्यांचं गाणं. निवेदिकाबाई माइकवर म्हणाल्या, "आता एक धमाल आदिवासी डान्स, हॉलिवूड स्टाइल!" झालं, हॉलभर हुला-हुला सुरू.

अहो, कुठले आदिवासी? (आणि आदिवासी म्हणजे झिरमिळ्या हे तरी कुणी ठरवलं? पण ते भांडण वेगळं.)

त्या गाण्यामागे एक अख्खं घर आहे. गायक-संगीतकार ओपेताइआ फोआईचं. जन्म पॅसिफिक महासागरातल्या सामोआ बेटांवरचा, वडील तिथल्याच तोकेलाऊ बेटांचे, आई तुवालू या बेटांच्या देशातली, लहानपणीच न्यूझीलंडला आला. १९९५ मध्ये त्याने 'ते वाका' नावाचा बँड उभा केला. बायको ज्युली बँडचा सगळा कारभार बघते, मुली सुलाता आणि ऑलिव्हिया गातात, मुलगा मताटिया ड्रम्सवर. गिटार आहे, बेस आहे, आणि त्यांच्या बरोबरीने 'पाते', म्हणजे ओंडका कोरून केलेलं, काठ्यांनी वाजवायचं वाद्य. गाणी बहुतेक तोकेलाऊच्या भाषेत. तोकेलाऊ म्हणजे तीन प्रवाळबेटं, वस्ती दीड हजाराच्या आसपास. आपल्याकडे एका मोठ्या सोसायटीत याहून जास्त माणसं राहतात! तेवढ्यांची भाषा घेऊन हे लोक जगभर स्टेजवर उभे राहिले, 'मोआना' यायच्या कितीतरी आधी. तो आला २०१६ मध्ये.

डिस्नी नसती तर भाचीपर्यंत हे पोचलं नसतं. बरं, मान्य. पुढे.

कार्यक्रम संपल्यावर निवेदिकाबाईंना गाठून नाव सांगितलं. "मॅडम, एवढं अवघड नाव कोण लक्षात ठेवणार?" ह्याच बाईंनी प्रायोजक बिल्डरचं नाव सगळ्या पदव्यांसकट दर दोन नाचांमागे घेतलं होतं. ते बरं पाठ झालं!

पोरींवर राग नाही हां. भाची जीव तोडून नाचली. तालाला एकदासुद्धा चुकली नाही.

सिनेमात छोटी मोआना पहिल्यांदा समुद्राकडे जाते, तेव्हाचं ते हळुवार गाणं आठवतं? त्याची चाल 'ते वाका'च्याच 'लोइमाता ए मालिगी'ची. २००० साली तुवालूत मुलींच्या वसतिगृहाला आग लागली. अठरा मुली आणि त्यांची देखरेख करणाऱ्या बाई गेल्या. जेमतेम दहा हजारांचा देश तो. आईकडून ओपेताइआचाही. त्या मुलींसाठी केलेलं गाणं आहे ते. हे कळल्यापासून मला तो प्रसंग धड बघवत नाही.

आणि आपण काय, तर हुला-हुला.

गाडीत भाचीने विचारलं, "मावशी, त्यांची अजून गाणी आहेत?" आहेत की! घरी येईपर्यंत 'पाते पाते' तीनदा लावायला लावलं, तेही खिडक्या खाली करून. लिंक कॉमेंटमध्ये टाकते आहे. मोबाइलच्या स्पीकरवर ऐकू नका, खालचा ठेका सगळा वाया जातो.