शनिवारी जरा...

जपानी शिकवणाऱ्याला व्याकरणाचा त्रास होत नाही. मराठी मुलांपुढे तर नाहीच. कर्ता आधी, कर्म मध्ये, क्रियापद शेवटी आणि नामाला मागून चिकटणारे प्रत्यय, हा सगळा संसार आपल्याकडे आधीच मांडलेला आहे. 'तोक्यो नी इकिमास'खाली 'तोक्योला जातो' लिहिलं की झालं. कांजी, म्हणजे जपानीतली चिनी अक्षरं, तीसुद्धा पाठ होतात. घोकंपट्टीत आपण कुणाला ऐकणार नाही. घोडं पेंड खातं ते 'आनाता' या दिसायला निरुपद्रवी शब्दापाशी.

पुस्तकात 'आनाता' म्हणजे 'तुम्ही'. पण जपानी माणूस समोरच्याला शक्यतो 'तुम्ही' म्हणतच नाही. आडनावाला 'सान' हा आदराचा प्रत्यय लावतो, हुद्द्याने हाक मारतो, नाहीतर कर्ताच गिळून टाकतो. मग 'आनाता' उरतो कुठे? छापील फॉर्मवर, जाहिरातीत आणि बायकोने नवऱ्याला मारायच्या हाकेत. म्हणजे आपलं 'अहो'. आता नोकरीच्या पहिल्याच दिवशी एखादा पोरगा पन्नाशीच्या साहेबाला उत्साहाने 'आनाता' म्हणाला, की साहेब क्षणभर खिडकीबाहेर बघतात. ते का बघतात हे पोराला कळत नाही, कारण व्याकरण शंभर टक्के बरोबर आहे.

माझं स्पष्ट मत असं, की या रोगाचं मूळ जपानीत नाही, इंग्रजीत आहे. आपण जपानी शिकतो इंग्रजीतून. सकाळी घराबाहेर पडताना म्हणायचं 'इत्तेकिमास' पुस्तकात 'आय विल गो अँड कम बॅक' असं छापतात आणि मुलं वहीत तेच उतरवतात. अरे, ते 'जाऊन येतो' आहे! शब्दशः. 'जातो' म्हणू नये, 'येतो' म्हणावं, हे ज्याला आजीने उंबऱ्यावर अडवून शिकवलंय त्याला यात नवीन काय? घरातल्यांचं उत्तर 'इत्तेराश्शाई', म्हणजे 'या जाऊन'. संध्याकाळी दारातून ओरडायचं 'तादाइमा', म्हणजे 'आलो गं!', आणि आतून 'ओकाएरी', म्हणजे 'आलास?' चारही ओळी कुठल्याही मराठी घरात रोज ऐकू येतात. त्या आपण परदेशी म्हणून पाठ करतो आणि त्यासाठी फी भरतो.

'चोत्तो'चंही तेच. चोत्तो म्हणजे 'थोडं'. परीक्षेच्या ध्वनिफितीत एक बाई विचारते, 'शनिवारी सिनेमाला येणार?' बुवा म्हणतो, 'शनिवारी चोत्तो...' आणि आवाज खाली सोडून देतो. प्रश्न: बुवा जाणार का? निम्मा वर्ग लिहितो, थोडा वेळ जाणार. उरलेला निम्मा उरलेलं वाक्य ऐकू आलं नाही म्हणून स्पीकरला दोष देतो. वाक्य तेवढंच असतं. मराठीत टाका: 'शनिवारी जरा...' आता सांगा, कोण जाणार आहे? 'जरा'नंतर आपण तरी कधी कारण देतो? उलट, कारण विचारणारा माणूस आगाऊ, यावर दोन्ही देशांचं एकमत आहे.

याचं थोरलं भावंड म्हणजे 'केन्तो शिमास', विचार करतो. आपल्या 'बघतो'चा सख्खा भाऊ. ओळखायची खूण सोपी आहे. सोबत तारीख आली ('गुरुवारपर्यंत कळवतो'), तर धुगधुगी आहे. तारीख नाही आणि बोलण्याआधी दातांतून 'स्स्स' अशी हवा आत ओढली, तर फाइल बंद करून घरी जावं. हे 'स्स्स' कुठल्याही शब्दकोशात नाही. जेएलपीटी नावाची जपानी भाषेची जी परीक्षा जुलै आणि डिसेंबरमधल्या पहिल्या रविवारी पोरांना घाम फोडते, तिच्यातही नाही. एन५ ते एन१ अशा पाच पायऱ्या, सर्वांत वरच्या पायरीला १८० पैकी १०० गुण लागतात, आणि बोलण्याची परीक्षा? ती नाहीच. म्हणून एन२ची चौकट भिंतीवर टांगलेला माणूस फोन वाजला की पाणी प्यायला उठतो.

फोनचं प्रकरण खरंच गंभीर आहे, कारण इथे मराठी मदत करत नाही, उलट पायात येते.

समजा, बाहेरच्या कंपनीतून फोन आला: 'यामादा-सान आहेत का?' यामादा हे तुमचे विभागप्रमुख, वयाने वडिलांएवढे. मराठी जीभ आपोआप म्हणणार, 'साहेब जरा बाहेर गेलेत.' जपानीत म्हणायचं, 'यामादा वा इमा सेकी ओ हाझुशिते ओरिमास.' यामादा. नुसता. 'सान' नाही, हुद्दा नाही, वर क्रियापद नम्रतेचं, म्हणजे स्वतःला खाली घेणारं. 'यामादा सध्या जागेवर नाही' असं साहेबांच्या बाबतीत म्हणताना मराठी माणसाच्या घशात आवंढा येतो. फोन ठेवून मान वळवली की त्याच यामादांना पुन्हा 'यामादा-काचो' म्हणायचं. काचो म्हणजे विभागप्रमुख. आणि फोन यामादांच्या बायकोचा असेल तर? तर साहेब पुन्हा वर, कारण तिच्या दृष्टीने ते घरचे आणि तुम्ही बाहेरचे. दहा मिनिटांत एकच माणूस लिफ्टसारखा खालीवर.

नियम असा: आदर माणसाच्या वयाला किंवा पगाराला चिकटलेला नसतो; कुणासमोर बोलतोय यावर आतले कोण, बाहेरचे कोण हे ठरतं. आतल्याला खाली, बाहेरच्याला वर. वर्गात हे 'उची' (आतलं) आणि 'सोतो' (बाहेरचं) अशा दोन वर्तुळांनी शिकवतात आणि वर्तुळं बघून सगळे माना डोलावतात. त्याऐवजी मी बंड्या सांगतो. पाहुणे आल्यावर आई म्हणते ना, 'कसला हुशार हो, काही वाचत नाही, नुसता उंडारतो'? पोरगा वर्गात पहिला असला तरी? बस. बाहेरच्याशी बोलताना साहेब म्हणजे बंड्या. ही मात्रा लागू पडते. फक्त ती साहेबांना सांगू नये.

दुसरी आपली खोड म्हणजे स्वतःलाच मान देणं. फोन उचलून 'मी पाटील सर बोलतोय' म्हणणाऱ्यांचा आपला प्रदेश. ती सवय घेऊन माणूस जपानीत 'मी पाटील-सान' म्हणतो. 'सान' दुसऱ्यालाच लावायचा असतो. स्वतःला लावणं म्हणजे स्वतःच्याच गळ्यात हार घालून टाळ्या वाजवणं.

व्हिजिटिंग कार्डाचा विधी तर मुंजीपेक्षा लांब. उभं राहायचं; टेबलावरून पलीकडे हात लांबवायचा नाही, वळसा घालून जायचं. ज्याला भेटायला गेलो तो मोठा, म्हणून पाहुण्याने आधी द्यायचं. कार्ड दोन्ही हातांनी, अक्षरं समोरच्याला वाचता येतील अशी, आणि त्याच्या कार्डापेक्षा जरा खाली धरून. कंपनी आणि नाव सांगून सुमारे ३० अंशांत वाकायचं. इथे आपले हात आपोआप जोडले जातात आणि बोटांच्या फटीतून कार्ड खाली पडतं. मिळालेलं कार्ड वाचल्यासारखं करायचं, मग बैठक संपेपर्यंत टेबलावर कार्डाच्या पाकिटावर ठेवायचं. माणसं चार असतील तर ज्या क्रमाने बसलीत त्या क्रमाने मांडायची. नावं विसरणाऱ्यांची यात मोठी सोय आहे. मागच्या खिशात कोंबलं तर तुम्ही त्या माणसावर बसलात, असा अर्थ होतो. त्यावर त्याच्यादेखत दूधवाल्याचा हिशोब करणं याला शब्दच नाही.

भेटवस्तू देताना म्हणायचं वाक्य आहे, 'त्सुमारानाई मोनो देस गा.' इंग्रजीतून अर्थ लावला तर 'ही कंटाळवाणी वस्तू आहे', आणि मुलं विचारतात, मग आणलीत कशाला? मराठीत ते 'फूल ना फुलाची पाकळी' आहे, संपला विषय. (हल्ली बरेच जण एवढं खाली वाकण्याऐवजी 'तोंडाला आवडलं तर बरं' अशा अर्थाचं वाक्य वापरतात.) खोडा घालते ती बाकरवडी. ऑफिसात नेण्याचा खाऊ एकेक वेगळा गुंडाळलेला लागतो, माणशी एक, मोजून. चार आणि नऊ हे आकडे टाळायचे, कारण त्यांचे उच्चार मरण आणि यातना या शब्दांशी जुळतात. आपण किलोचं पाकीट फोडून मध्ये ठेवतो आणि म्हणतो, घ्या! सगळे हसून 'अरिगातो' म्हणतात, हात कुणीच घालत नाही. संध्याकाळी पाकीट तसंच, फक्त शेवेसारखा चुरा जास्त.

निरोपाची गोष्ट शेवटी शिकवतो, कारण निरोप लांबवण्यात आपण पटाईत, असा सगळ्यांचा गैरसमज असतो. आपण दारात चप्पल घालून अर्धा तास बोलतो, हे खरं. पण जपानी यजमान लिफ्टपर्यंत येतो आणि दार मिटेपर्यंत कमरेत वाकलेला राहतो. तुम्हीही आतून वाकायचं. दार मिटायच्या आत सरळ झालात तर गुण गेले. मिटत आलेलं दार कुणी धावत येऊन बटण दाबल्यामुळे पुन्हा उघडलं, तर यजमान तिथेच असतो, बहुधा अर्धवट सरळ झालेला. पुन्हा वाकायचं. बटण दाबणाऱ्यानेही.