कूलिंग टॉवरमधून निघतो तो धूर नव्हे

अणुविजेविषयीचा एक मजकूर वर्षानुवर्षे फिरतो आहे. वर कमरेत आवळलेल्या प्रचंड मनोऱ्यांतून निघणाऱ्या पांढऱ्या ढगांचे छायाचित्र असते आणि खाली दाव्यांची रांग. हा धूर किरणोत्सारी असतो. खाणीपासूनचा हिशेब मांडला तर अणुवीज कोळशाइतकाच कार्बन सोडते. केंद्राच्या गरम पाण्याने नद्या मरतात. कचऱ्यावर तोडगाच नाही, त्यातले प्लुटोनियम निम्मे व्हायलाच २४,१०० वर्षे लागतात. आणि एक अपघात झाला की जमीन कायमची नापीक होते. यांतले काही साफ चुकीचे आहे, काही अर्धे खरे आहे आणि एक मुद्दा बराचसा खरा आहे. सगळे एका दमात सांगितल्यामुळे खऱ्या मुद्द्यावरचाही विश्वास उडतो, म्हणून ते सुटे करून पाहिलेले बरे.

छायाचित्रातले मनोरे म्हणजे कूलिंग टॉवर. ते आतून जवळजवळ पोकळ असतात. पायथ्याशी काँक्रीटचे तिरपे खांब असतात आणि त्यांच्या फटींतून हवा आत शिरते. थोड्या उंचीवर गरम पाणी जाळ्यांवर फवारले जाते, ते पावसासारखे खाली टाकीत कोसळते आणि वर चढणारी हवा त्यातला बाष्प झालेला भाग सोबत नेते. वर दिसणारा ढग हाच. ज्या प्रकारच्या अणुभट्ट्या जगात सर्वाधिक आहेत, त्यांत इंधनाला स्पर्श करणारे पाणी वातावरणाच्या सुमारे १५५ पट दाबाखाली बंद नळ्यांत फिरते. ते नळीच्या भिंतीतून आपली उष्णता दुसऱ्या वर्तुळातल्या पाण्याला देते, त्याची वाफ टर्बाइन फिरवते आणि ती वाफ थंड करणारे पाणी तिसऱ्याच वर्तुळातले असते. टॉवरमध्ये जाते ते हे तिसरे पाणी. कोळशावर चालणाऱ्या कित्येक केंद्रांतही असेच टॉवर असतात, तर समुद्रकाठच्या अनेक अणुकेंद्रांत एकही नसतो.

केंद्रातून किरणोत्सारी काहीच बाहेर पडत नाही, असे मात्र म्हणता येणार नाही. ट्रिटियम (हायड्रोजनचे किरणोत्सारी रूप) आणि काही निष्क्रिय वायू ठरवून दिलेल्या मर्यादेत सोडले जातात. संयुक्त राष्ट्रांच्या किरणोत्सारविषयक वैज्ञानिक समितीच्या हिशेबानुसार माणसाला निसर्गातूनच, म्हणजे खडक, रेडॉन वायू, अन्न आणि अंतराळातून येणारे किरण यांतून, वर्षाला सरासरी २.४ मिलिसिव्हर्ट (किरणोत्साराची मात्रा मोजण्याचे एकक) मात्रा मिळते. याच समितीने २००० साली अणुवीजनिर्मितीचा वाटा ०.०००२ मिलिसिव्हर्ट इतका धरला होता. ही जगाची सरासरी आहे, केंद्राच्या कुंपणालगत राहणाऱ्याला ती जशीच्या तशी लावता येत नाही, हे खरे. पण तिथल्या सामान्य नागरिकासाठीही नियोजित स्रोतांतून वर्षाला १ मिलिसिव्हर्ट ही आंतरराष्ट्रीय शिफारशीतली मर्यादा आहे.

कार्बनचा दावा आकड्यांपुढे टिकत नाही. हवामान बदलावरील आंतरशासकीय समितीने २०१४ साली खाण, बांधकाम, इंधन आणि मोडतोड असा सगळा जीवनक्रम धरून एका युनिटमागचे उत्सर्जन दिले. कोळशासाठी मध्यमूल्य ८२० ग्रॅम, नैसर्गिक वायूसाठी ४९०, अणुऊर्जेसाठी १२ आणि जमिनीवरच्या पवनचक्क्यांसाठी ११. या मजकुराचे समर्थक बहुधा जास्त आकडे देणाऱ्या अभ्यासांकडे बोट दाखवतात. तसे अभ्यास आहेत. २००८ साली ऊर्जा धोरणाचे अभ्यासक बेंजामिन सोवाकूल यांनी अनेक अभ्यास एकत्र केले तेव्हा सरासरी ६६ ग्रॅम निघाली आणि सर्वांत वरचा आकडा २८८ होता. काही जुन्या आकड्यांत युरेनियमचे समृद्धीकरण, म्हणजे त्यातला भट्टीला उपयोगी अंश वाढवण्याचे काम, वायू-विसरण पद्धतीने होते असे गृहीत होते, आणि ती पद्धत विजेची अक्षरशः खादाड होती. आज ते काम सेंट्रिफ्यूज ही अतिवेगाने फिरणारी यंत्रे त्या विजेच्या अगदी लहान अंशात करतात. पण तो २८८ चा आकडा मान्य केला, तरी तो कोळशाच्या जवळपासही पोहोचत नाही. कारण इंधनातच आहे. युरेनियम ऑक्साइडची एक गोळी बोटाच्या पेरापेक्षाही लहान, वजनाने दहा ग्रॅमच्या आत असते, आणि तिच्यातून साधारण एक टन कोळशाइतकी ऊर्जा मिळते.

गरम पाण्याबाबत मजकुराचा मुद्दा बराचसा खरा आहे. अणुभट्टीत निर्माण होणाऱ्या उष्णतेपैकी जेमतेम एक तृतीयांश विजेत रूपांतरित होते आणि उरलेली बाहेर टाकावी लागते. कोळशाच्या केंद्राची काही उष्णता चिमणीतून जाते आणि नव्या केंद्रांची कार्यक्षमताही अधिक असते, त्यामुळे एका युनिटमागे पाण्यात जाणारी उष्णता अणुकेंद्राचीच जास्त. फ्रान्समध्ये २००३ आणि २०२२ च्या उष्णतेच्या लाटांत काही केंद्रांना नेहमीच्या मर्यादेपेक्षा गरम पाणी नदीत सोडण्याची तात्पुरती सवलत द्यावी लागली होती. नदीत मुळात पाणी कमी आणि तापलेले, त्यात विरघळलेला प्राणवायू घटलेला, आणि नेमकी तेव्हाच ही भर. शिवाय पाणी ओढणाऱ्या तोंडाशी मासे जाळीला चिकटतात, तर अंडी आणि अळ्या जाळीतूनच आत खेचल्या जातात.

गंमत अशी की नदीवरचा हा भार हलका करण्याचा मुख्य उपाय म्हणजे तोच छायाचित्रातला टॉवर. टॉवर असला की तेच पाणी पुन्हा फिरवता येते, नदीतून कितीतरी कमी उचलावे लागते आणि उष्णता हवेत जाते. बदल्यात बरेच पाणी बाष्प होऊन कायमचे कमी होते. म्हणजे मजकुराने ज्याला गुन्हेगार ठरवले, तो दुसऱ्या आरोपापुरता तरी बचावाचा साक्षीदार आहे.

कचऱ्याच्या बाबतीत ‘तोडगा नाही’ आणि ‘तोडगा अमलात आणायला उशीर झाला’ या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. १००० मेगावॅटची अणुभट्टी वर्षाला २५ ते ३० टन वापरलेले इंधन बाहेर काढते. ते आधी काही वर्षे खोल पाण्याच्या तलावात आणि नंतर पोलाद-काँक्रीटच्या पिंपांत ठेवले जाते. फिनलंडमध्ये ओल्किलुओटो येथे खडकात ४०० मीटरहून अधिक खोलीवर ‘ओंकालो’ हे कायमचे भांडार खोदले आहे. तांब्याच्या जाड डब्यांत इंधन आणि भोवती पाणी लागले की फुगणारी बेंटोनाइट माती, अशी त्याची रचना. उलट जर्मनीत आस्से येथील मिठाच्या जुन्या खाणीत सव्वा लाखांहून अधिक पिंपे टाकली गेली आणि आता तिथे पाणी झिरपते आहे; जागा निवडताना केलेली घाई किती महाग पडते, याचा हा नमुना. प्लुटोनियम-२३९ चे अर्धायुष्य, म्हणजे ते निम्मे उरायला लागणारा काळ, २४,१०० वर्षे आहे, हा मजकुरातला आकडा बरोबर आहे.

अपघाताबद्दल थोडक्यात. १९८६ मध्ये स्फोट झालेल्या, युक्रेनमधील चेर्नोबिलच्या अणुभट्टीभोवती पाश्चात्त्य पद्धतीचे बंदिस्त आवरण नव्हते आणि कमी शक्तीवर चालताना तिची रचनाच अस्थिर होती. तिथे जवळचे पाइनचे वन करपले, मुलांमध्ये थायरॉइडचे कर्करोग वाढले आणि मोठा प्रदेश आजही निषिद्ध आहे. पण तो ‘नापीक’ नाही; तिथे दाट जंगल आहे, लांडगे आहेत. त्यावरून किरणोत्सार निरुपद्रवी आहे असा निष्कर्ष काढणारेही तितकेच चुकतात, कारण प्राण्यांना मुख्यतः फायदा झाला तो माणूस निघून गेल्याचा. प्रदूषणात मोठा वाटा असलेल्या सीझियम-१३७ चे अर्धायुष्य ३० वर्षे असल्याने १९८६ चे निम्म्याहून अधिक सीझियम एव्हाना संपले आहे. ‘कायमची’ हा शब्द इथे बसत नाही; ‘कित्येक पिढ्यांपुरती’ बसतो.

आश्चर्य वाटते ते मजकुरात नसलेल्या गोष्टीचे. कार्बनच्या हिशेबापुरती खाण येते आणि लगेच नाहीशी होते, वास्तविक अणुविजेचा सर्वांत घाणेरडा टप्पा तोच आहे. धातुकातून युरेनियम काढून घेतल्यावर उरलेल्या गाळात मूळ किरणोत्सारापैकी सुमारे ८५ टक्के तसाच राहतो, कारण थोरियम-२३० आणि रेडियम मागेच राहतात आणि रेडियममधून रेडॉन सुटत राहतो. अमेरिकेतील न्यू मेक्सिको राज्यात चर्च रॉक येथे १६ जुलै १९७९ रोजी अशा गाळाचा बांध फुटला. सुमारे ३५ कोटी लिटर आम्लयुक्त किरणोत्सारी पाणी पुएर्को नदीत गेले, आणि तिच्या काठी नावाहो हे तिथले मूलनिवासी लोक आपली जनावरे पाण्यावर आणत असत. आज जगातले निम्म्याहून अधिक युरेनियम खड्डा न खणता, भूगर्भात द्रावण सोडून विरघळवून वर काढले जाते. गाळाचे ढीग त्यामुळे टळतात. मात्र ज्या थरात ते द्रावण खेळवले, तिथले भूजल पूर्ववत करणे फार अवघड जाते.