कार्यक्रम न पाहता लिहिलेली पत्रं

एखादा कार्यक्रम वादात सापडला की वाहिनीकडे तक्रारींचा ढीग लागतो आणि बातमीत आकडा झळकतो: इतक्या हजार तक्रारी! त्यातल्या किती जणांनी तो कार्यक्रम पाहिला होता, हे मात्र कोणी विचारत नाही. मला तोच प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा वाटतो.

जानेवारी 2005 मध्ये बीबीसी टूने एक संगीतिका दाखवली. धर्माची टिंगल होणार अशी हाकाटी आधीच झाली होती. तक्रारी 50 हजारांच्या वर गेल्या, आणि त्यातल्या बऱ्याचशा प्रक्षेपणाआधीच येऊन पडल्या होत्या! ऑफकॉम या नियामक संस्थेला पुढे त्यात नियमभंग आढळला नाही. दोन वर्षांनी चॅनल फोरच्या 'सेलिब्रिटी बिग ब्रदर'मध्ये शिल्पा शेट्टीला मिळालेल्या वागणुकीवरून ऑफकॉमकडे 44,500 हून अधिक तक्रारी गेल्या. इथे जे आक्षेपार्ह होतं ते पडद्यावर घडून गेलेलं होतं. वाहिनीवर ठपका आला आणि त्या निर्णयाचा सारांश तिला स्वतःच प्रसारित करावा लागला.

आपल्याकडे 1988 मध्ये 'तमस' ही फाळणीवरची दूरदर्शन मालिका थांबवा म्हणून प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात गेलं, तेव्हा न्यायमूर्ती लेंटिन आणि न्यायमूर्ती सुजाता मनोहर यांनी आधी ती कलाकृती पूर्ण पाहिली, मग निकाल दिला. सर्वोच्च न्यायालयानेही प्रक्षेपण थांबवलं नाही. न्यायाधीश एवढा वेळ काढतात आणि आपण आलेला मजकूर तसाच पुढे ढकलतो, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

चांगलं पत्र साधं असतं. 'मंगळवारी रात्री नऊच्या चर्चेत, साधारण विसाव्या मिनिटाला, निवेदकाने पाहुण्या बाईंना प्रश्न विचारला आणि त्यांचं पहिलं वाक्य पुरं व्हायच्या आत त्यांचा माइक बंद केला. त्यांचं उत्तर आम्हाला ऐकायचं होतं.' बस. यात शिवी नाही, बंदीची मागणी नाही, आणि संपादकाला ते चित्रण काढून तपासता येतं. 'तुम्ही लाज सोडली आहे' या वाक्याचं तो काय करणार?

आणि हो, ज्यांना कार्यक्रम पटतो ते सहसा लिहीतच नाहीत. अवघड विषयाला हात घालणाऱ्या निर्मात्यापर्यंत मग फक्त विरोध पोचतो आणि पुढच्या वेळी तो विषय टाळला जातो. आवडलं असेल तर तेही कळवा, नेमकं काय आवडलं ते सांगून.

वृत्तवाहिनीबद्दल तक्रार असेल तर एनबीडीएसएकडे (वृत्तवाहिन्यांविरुद्धच्या तक्रारी ऐकणारी त्यांचीच स्वनियमन संस्था) जाण्याआधी ती त्या वाहिनीकडेच करावी लागते, तीही प्रक्षेपणापासून 7 दिवसांच्या आत. आपले ते दिवस कॉमेंटमध्ये भांडण्यात जातात आणि मुदत टळून जाते.